चुलीमागच्या माणसाची प्रतिष्ठा

लग्नसराईच्या दिवसांत नांदेड-लातूरकडील कोणत्याही पंगतीत बसावे. येसराच्या आमटीची वाटी दुसऱ्यांदा पुढे सरकते, बुंदी कशी मोकळी पडली याचे कौतुक होते आणि हात धुऊन, पान चघळीत मंडळी घरोघर परततात. निमंत्रणपत्रिकेवर पणज्यापासून पाळण्यातल्या बाळापर्यंत साऱ्यांची नावे छापलेली असतात. मंडपवाल्याची पाटी दर्शनी भागी असते, बँडवाल्याचे नाव तर ढोलावरच रंगविलेले असते. मात्र ज्याने मध्यरात्रीपासून पत्र्याच्या आडोशाला, भट्टीच्या धगीत उभे राहून हजार-दीड हजार माणसांचे अन्न शिजविले, त्या आचाऱ्याचे नाव विचारावे असे कोणाच्या मनातही येत नाही. अन्न पूर्णब्रह्म मानणाऱ्या आपल्या समाजात अन्न रांधणारा मात्र बिननावाचा राहिला आहे.

ही उपेक्षा केवळ आपल्याकडचीच, असे मात्र कोणी समजू नये. ज्या फ्रान्सच्या पाककलेचा जगभर बोलबाला आहे, तेथेही दीडशे वर्षांपूर्वी स्वयंपाक्याची स्थिती याहून फारशी निराळी नव्हती. तळघरातील अंधाऱ्या, कोंदट भटारखान्यात कोळशाच्या शेगड्यांपुढे चौदा-चौदा तास राबणारा, उष्म्याने व धुराने वेळेआधीच खंगणारा, तहान भागविण्यासाठी मद्याचा आसरा घेणारा आणि हाताखालच्या पोरांना शिव्या व थपडा देणारा माणूस, हे त्याचे रूप होते. ते ज्याने पालटले, त्या ऑग्युस्त एस्कॉफिए या माणसाचे चरित्र आपल्या भागातील वाचकांनी मुद्दाम जाणून घ्यावे असे आहे. त्याचे पदार्थ आपल्या ताटात यावेत अशी कोणाची अपेक्षा नाही. परंतु त्याने जे प्रश्न सोडविले ते आपल्या दारात आजही तसेच उभे आहेत.

लोहाराचा मुलगा

एस्कॉफिएचा जन्म २८ ऑक्टोबर १८४६ रोजी दक्षिण फ्रान्समधील नीस शहराजवळच्या व्हिलनव्ह-लूबे या खेड्यात झाला. बाप गावचा लोहार. मुलाचा ओढा चित्रकलेकडे व शिल्पकलेकडे. आपण मूर्तिकार व्हावे असे त्याला वाटे. परंतु कारागिराच्या घरात मुलाच्या आवडीपेक्षा पोटाचा विचार आधी होतो. तेराव्या वर्षी, म्हणजे १८५९ साली, शाळा सुटली आणि नीसमध्ये उपाहारगृह चालविणाऱ्या चुलत्याच्या हाती त्याला सोपविण्यात आले. नात्याचा म्हणून सवलत नव्हती. उलट इतर उमेदवारांपेक्षा अधिक कठोर शिस्त त्याच्या वाट्याला आली. त्यातच देहयष्टी ठेंगणी. शेगडीच्या झळा थेट तोंडावर येत. त्यावर उपाय म्हणून तो उंच टाचांचे बूट घालू लागला आणि ही सवय त्याने पुढे जन्मभर ठेवली. रडत बसण्यापेक्षा टाच उंच करून कामाला लागणे, हा त्याचा स्वभावच या एका गोष्टीत दिसतो.

१८६५ साली तो पॅरिसला गेला आणि एका नामांकित उपाहारगृहात भाजण्याच्या विभागातील कनिष्ठ मदतनीस म्हणून उभा राहिला. तेथे पाच वर्षे गेली नाहीत तोच १८७० चे फ्रान्स-प्रशिया युद्ध उद्भवले आणि या तरुणाला सैन्यात स्वयंपाकी म्हणून बोलावणे आले. मेट्झच्या वेढ्यात फ्रेंच फौज अडकली. रसद तुटली, मीठसुद्धा मिळेना. सरदारांच्या घोड्यांवर पाळी आली. एस्कॉफिएने वेढा पडण्यापूर्वीच कोंबड्या, बदके, शेळी असा जिवंत साठा करून ठेवला होता; तो पुरवून पुरवून वापरला आणि तो संपल्यावर घोड्याचे मांसही खाण्याजोगे करून वाढले. अखेर फौज शरण गेली व तोही जर्मनांचा युद्धकैदी झाला.

मराठवाड्यातील ज्या पिढीने १९७२ चा दुष्काळ पाहिला, दुष्काळी कामावर मिळालेली सुकडी आणि परदेशी लाल मिलोची भाकरी खाल्ली, तिला या प्रसंगाचे मर्म समजावून सांगण्याची गरज नाही. टंचाई माणसाला अन्नाची किंमत शिकविते. पुढे राजेरजवाड्यांना जेवू घालणारा हा माणूस हाडे, साली, देठ यांतले काही वाया जाऊ देत नसे. भाज्या व फळे हंगामात डबाबंद करून टिकविण्याच्या उद्योगात त्याने जे लक्ष घातले, त्याचे मूळही मेट्झच्या वेढ्यातच होते. वैभवाच्या पंगतीमागे एका वेढ्याची आठवण बसली होती, हे विसरता येत नाही.

भटारखान्याची नवी घडी

सुटकेनंतर पॅरिसमध्ये मुख्य स्वयंपाकी म्हणून नाव मिळवून १८८४ मध्ये तो मॉन्टे कार्लोच्या ग्रँड हॉटेलात आला. तेथे त्याची गाठ सीझर रिट्झ या स्विस व्यवस्थापकाशी पडली. रिट्झ हा शेतकऱ्याच्या घरचा तेरावा मुलगा. श्रीमंत पाहुण्याला काय हवे ते त्याच्या ओठावर येण्यापूर्वी ओळखणारा. एकाने दिवाणखाना सांभाळावा आणि दुसऱ्याने भटारखाना, अशी ही जोडी जमली. लंडनमध्ये १८८९ साली उघडलेल्या सॅव्हॉय हॉटेलची घडी बसविण्यासाठी पुढच्याच वर्षी या दोघांना पाचारण करण्यात आले आणि एस्कॉफिएच्या आयुष्यातील खरे कार्य तेथे सुरू झाले.

तोवर मोठ्या भटारखान्यात प्रत्येक विभाग स्वतंत्र संस्थानासारखा चाले. एका पदार्थाचे सारे जिन्नस एकाच विभागात तयार होत. त्यामुळे कोठे दुप्पट काम तर कोठे रिकामे हात. सैन्यात राहिलेल्या एस्कॉफिएने पलटणीचा नमुना येथे आणला. सॉसचा एक प्रमुख, भाजण्याचा दुसरा, मासळीचा तिसरा, भाजीचा चौथा, थंड पदार्थांचा पाचवा, गोडाचा सहावा. प्रत्येकाच्या हाताखाली मदतनीस व उमेदवार, आणि सर्वांवर एक मुख्य. मायरबेर या संगीतकाराच्या नावाने प्रसिद्ध असलेला अंड्यांचा एक पदार्थ होता. जुन्या पद्धतीने एकट्या माणसाला त्यासाठी पाव तास लागे. आता एकाने लोण्यात अंडी शिजवावीत, त्याच वेळी दुसऱ्याने मटणाचा गुर्दा भाजावा, तिसऱ्याने सॉस सिद्ध ठेवावा आणि काही मिनिटांत ताटली बाहेर जावी, असे झाले. श्रमविभागणीचे जे तत्त्व कारखान्यांनी स्वीकारले होते, ते त्याने चुलीपाशी आणले.

वाढण्याची रीतही त्याने पक्की केली. पूर्वी फ्रान्समध्ये मेजवानीचे बहुतेक पदार्थ एकदम मेजावर मांडण्याची प्रथा होती. दिसायला थाट मोठा, पण तोंडाशी येईतो सारे गार. एकामागून एक पदार्थ गरम वाढण्याची रशियन रीत त्याच्या आधीच फ्रान्समध्ये आली होती. तिला व्यवहारात कायमचे स्थान देणाऱ्यांत एस्कॉफिए अग्रणी होता. मीठ-लिंबापासून ताकापर्यंतचा क्रम पाळणाऱ्या आपल्या पंगतीला ही गोष्ट नवलाची वाटणार नाही.

याहून मोठा बदल माणसांत झाला. त्याने भटारखान्यात आरडाओरडा बंद केला. मागणी पुकारणाऱ्याने ती शांत स्वरात सांगावी, असा दंडक घातला. राग अनावर होईल असे वाटले की तो स्वतः बाहेर निघून जाई. मद्यपानास मनाई केली. पण नुसती मनाई करून तो थांबला नाही. उष्म्याने जीव कासावीस होतो म्हणून माणूस पितो हे जाणून त्याने सातूचे एक शीतपेय वैद्यकीय सल्ल्याने तयार करविले आणि ते कामाच्या जागी सदैव भरून ठेवविले. कामावर पांढरा स्वच्छ पोशाख, कामावरून जाताना सभ्य गृहस्थासारखे कपडे, असा त्याचा आग्रह असे. शिक्षण अर्धवट राहिलेल्या उमेदवारांना तो वाचन-लेखन वाढविण्यास सांगे, कारण स्वतःचे राहून गेलेले शिक्षण त्याला सलत होते. व्यसन हा गुन्हा मानून शिक्षा करणारे पुष्कळ असतात; व्यसनाचे कारण शोधून तेथे पाण्याचा माठ ठेवणारे थोडे. एस्कॉफिए या थोड्यांपैकी होता.

कीर्ती आणि डाग

सॅव्हॉयच्या भोजनगृहात राजपुत्र, गायिका, नट, धनिक यांची रीघ लागली. प्रतिष्ठित घरातील स्त्रियांनी उपाहारगृहात जाऊन जेवणे तोवर शिष्टसंमत नव्हते; रिट्झ व एस्कॉफिए यांच्या व्यवस्थेने तो संकोच बराचसा दूर झाला. नेली मेल्बा या ऑस्ट्रेलियन गायिकेच्या सन्मानार्थ त्याने बर्फाच्या हंसावर पीच व आइस्क्रीम ठेवून वाढले. पुढे त्यात रास्पबेरीच्या रसाची भर पडली आणि पीच मेल्बा जगभर गेले. बेडकाचे नाव काढताच इंग्रजांना किळस येते, म्हणून बेडकाच्या तंगड्यांना पहाटेच्या अप्सरांचे नाव देऊन त्याने त्या इंग्लंडच्या युवराजाच्या पंगतीत वाढल्या.

या उजळ चित्रावर एक डागही आहे आणि तो झाकून चरित्र सांगणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. मार्च १८९८ मध्ये रिट्झ, एस्कॉफिए व त्यांचा एक सहकारी यांना सॅव्हॉयमधून एकाएकी काढून टाकण्यात आले. माल पुरविणाऱ्या व्यापाऱ्यांकडून दलाली व भेटी घेतल्याचा आरोप होता. प्रकरण न्यायालयाच्या उंबरठ्याशी आपसांत मिटले. १९०० साली एस्कॉफिएने कबुलीजबाबावर सही केली, आठ हजार पौंडांची जबाबदारी मान्य केली आणि प्रत्यक्षात पाचशे पौंड भरले, कारण त्याहून अधिक देण्याची त्याची ऐपतच नव्हती. हे कागद त्याच्या मृत्यूनंतर अनेक दशकांनी प्रकाशात आले. दलाली घेण्याची रीत त्या काळी या धंद्यात सर्रास होती, असे समर्थन केले जाते. परंतु सर्रास आहे म्हणून वाईट चांगले ठरत नाही. शिस्तीचा धडा देणाऱ्याच्या हातून घडलेला हा प्रमाद मोठाच होता.

तरीही त्याचे कार्य थांबले नाही. १८९८ च्या जूनमध्ये पॅरिसचे रिट्झ हॉटेल उघडले, तेथील भटारखाना त्याने उभारला. पुढच्या वर्षी लंडनचे कार्लटन हॉटेल सुरू झाले आणि १९२० पर्यंत तो तेथे राहिला. १९०२ मध्ये सातव्या एडवर्डचा राज्याभिषेक राजाच्या आजारपणामुळे ऐनवेळी पुढे ढकलला गेला. सर्व सिद्धता वाया गेल्याच्या धक्क्याने रिट्झ खचला तो पुन्हा उभा राहिला नाही. भार एकट्या एस्कॉफिएवर आला. १९०३ साली त्याने सहकाऱ्यांच्या साह्याने पाच हजारांहून अधिक पाककृतींचा मार्गदर्शक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच्या आधीच्या पिढ्यांतील कारेम या थोर पाककोविदाचे डामडौलाचे शास्त्र त्याने सुटसुटीत केले. मोजक्या मूळ सॉसांतून शेकडो प्रकार कसे निघतात ते दाखविले. धान्ये व डाळी भाजून मसाल्यासह दळलेले येसर एकदा घरात असले की आयत्या वेळी शंभर पानांची आमटी कशी होते, हे ठाऊक असलेल्या आपल्या सुगरणींना या पद्धतीतील शहाणपण सहज कळेल.

योगायोग असा की, त्याच १९०३ च्या डिसेंबरात मुंबईत जमशेटजी टाटांचे ताजमहाल हॉटेल उघडले. फ्रेंच वळणाचे भोजन आपल्या किनाऱ्यावर रुजले ते अशा हॉटेलांतून, आणि ते रुजविण्यात गोव्याकडच्या स्वयंपाक्यांचा हात मोठा होता. ताजच्या भटारखान्याचे प्रमुखपद भूषविलेल्या मिगेल आर्कांजो मास्कारेन्हास या गोमंतकीयाचे नाव त्या व्यवसायात आजही आदराने घेतले जाते. मुंबईत १९५४ साली सुरू झालेल्या खाद्यव्यवसाय शिक्षणसंस्थेपासून पुढे देशभर अशा ज्या संस्था निघाल्या, त्यांतून शिकणारा मुलगा आज जी श्रेणीव्यवस्था पाठ करतो, ती मुळात एस्कॉफिएचीच आहे.

एस्कॉफिएचे स्वतःचे घर मात्र या कीर्तीत उपेक्षित राहिले. पत्नी डेल्फीन कवयित्री होती. ती मुलांसह मॉन्टे कार्लोस राहिली आणि तो तीस वर्षे लंडनला. पहिल्या महायुद्धात त्याचा मुलगा डॅनियल रणांगणावर पडला. त्या दुःखातही आघाडीवर गेलेल्या स्वयंपाक्यांच्या कुटुंबांसाठी निधी जमविण्याचे काम त्याने चालू ठेवले. युद्धापूर्वीच, १९१० साली, त्याने दारिद्र्यनिवारणासाठी परस्परसाहाय्याची एक योजना पुस्तिकेच्या रूपाने मांडली होती. म्हातारपणी कष्टकऱ्याला हक्काचा आधार असावा, हा तिचा गाभा. सॅव्हॉयमध्ये उरलेले चांगले अन्न गरिबांची सेवा करणाऱ्या जोगिणींच्या आश्रमाकडे तो नेमाने पाठवी. आणि आयुष्याच्या उतरणीला, १९२७ मध्ये, राजेमहाराजांच्या या स्वयंपाक्याने पुस्तिका लिहिली ती भातावर. गरिबाला परवडणारे पौष्टिक अन्न म्हणून. १९१९ मध्ये फ्रेंच सरकारने त्याला लेजन ऑफ ऑनरचा सन्मान दिला आणि १९२८ मध्ये त्या सन्मानाची वरची पायरी. स्वयंपाक्याच्या छातीवर असे पदक ही त्या काळी अपूर्व गोष्ट होती. १२ फेब्रुवारी १९३५ रोजी, पत्नीच्या निधनानंतर अवघ्या काही दिवसांत, तो वारला. संपत्ती फारशी नव्हती. लोहाराच्या त्या जन्मघरात १९६६ पासून पाककलेचे संग्रहालय आहे.

आपल्या चुलीकडे पाहताना

नांदेडकरांना शिस्तबद्ध भटारखाना पाहण्यासाठी पॅरिसला जावे लागत नाही. गुरू गोविंदसिंगांच्या १७०८ मधील वास्तव्याने पुनीत झालेल्या या नगरीत सचखंड हुजूर साहिबचा लंगर आहे. कोणी कणीक मळतो, कोणी रोट्या लाटतो, कोणी डाळीच्या कढईवर, कोणी भांड्यांवर. लक्षाधीश आणि हमाल एका ओळीत बसतात आणि एका ओळीत राबतातही. एस्कॉफिएची घडी पैशाच्या व पदाच्या बळावर उभी होती, लंगरची सेवाभावावर. दोन्हींत समान सूत्र एकच: अन्न रांधण्याचे काम हलके मानलेले नाही.

पण लंगरच्या बाहेर पाऊल टाकले की काय दिसते? शिकवण्यांचे गाव झालेल्या लातुरात हजारो विद्यार्थी खानावळींच्या डब्यावर जगतात. ते डबे भरणारे हात पहाटेपासून रात्रीपर्यंत राबतात. त्यांचे कामाचे तास कोण मोजतो? लग्नाच्या आचाऱ्याला भाजले, कढई अंगावर कलंडली तर औषधपाण्याचा खर्च कोणी करावयाचा? अन्नसुरक्षेचा २००६ चा कायदा आहे. तो योग्यही आहे. परंतु त्याची दृष्टी खाणाऱ्याच्या प्रकृतीवर आहे, रांधणाऱ्याच्या नव्हे. शाळाशाळांतून मुलांची खिचडी शिजविणाऱ्या बायांचे मूळ मानधन केंद्र सरकारने २००९ साली दरमहा एक हजार रुपये, तेही वर्षातील दहाच महिने, असे ठरविले. राज्याने त्यात भर घातली हे खरे. तरी एका पिढीला जेवू घालणाऱ्या हातांना दिलेला हा मोबदला आहे, हे आठवले की मान खाली जाते.

येथे एस्कॉफिएचीही एक मर्यादा नोंदली पाहिजे. त्याच्या पलटणीत स्त्रीला स्थान नव्हते. व्यावसायिक पाककला पुरुषाचीच, असे तो मानीत असे. आपल्याकडे तर घरात, शाळेत, खानावळीत चूल सांभाळते ती स्त्रीच. मानाचे व पैशाचे काम आले की पुढे येतो तो पुरुष. तेव्हा त्याचे अनुकरण करावयाचे तर त्याच्या या चुकीसह नव्हे.

पंचतारांकित भोजनगृहांचे कौतुक हे मूठभरांचे चोचले आहेत, त्यात मराठवाड्याने का पडावे, असा आक्षेप कोणी घेईल. ज्या लातूरला २०१६ च्या उन्हाळ्यात मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले, तेथे फ्रेंच सॉसांची चर्चा विसंगत वाटणेही स्वाभाविक आहे. परंतु चर्चा सॉसांची नाहीच. एस्कॉफिएने ज्या गोष्टी दिल्या त्यांतील बहुतेकांना पैसा लागत नाही. हवेशीर जागा, पिण्याचे थंड पाणी, कामाची नीट वाटणी, शिवीगाळीला बंदी, शिकाऊ मुलाची शाळा, म्हातारपणाची तरतूद. यांतील शेवटची सोडली तर बाकीच्या गोष्टी कोणताही मंगल कार्यालयाचा मालक, खानावळवाला, शाळेची व्यवस्थापन समिती उद्यापासून करू शकते. म्हातारपणाची तरतूद शासनाने करावयाची; माथाडी कामगारांसाठी जे राज्य १९६९ साली कायदा करून मंडळ उभारू शकले, त्याला आचाऱ्यांसाठी ते अशक्य का असावे? आणि नांदेड-लातूरच्या औद्योगिक प्रशिक्षण संस्थांतून तांत्रिक धंद्यांच्या बरोबरीने मोठ्या पंगतीचा स्वयंपाक, येसरापासून निलंगा भातापर्यंत, शास्त्रशुद्ध रीतीने शिकविला गेला, तर त्यात उणेपणा कसला?

कायदे व्हावयास वेळ लागेल. तोवर एक गोष्ट प्रत्येकाला करता येण्यासारखी आहे. पुढच्या पंगतीत हात धुतल्यावर मंडपाच्या मागे जावे, भट्टीपाशी उभ्या असलेल्या माणसाला त्याचे नाव विचारावे आणि आमटी चांगली झाली होती, एवढे सांगावे.